पार्बताबाईला पार्वती करू नका

मा. संपादक महोदय,
स. न. वि. वि.

आपल्या रविवारच्या पुरवणीत डोंगरांवरून ठेवायच्या बाळांच्या नावांची चौकट आली होती. ती मी कापून अंगणवाडीच्या कपाटावर चिकटवली. गरोदर बाया आमच्याकडे आल्या की वजन-उंची आटोपल्यावर पहिला विषय नावाचाच निघतो, आणि मोबाइलवरच्या यादीपेक्षा छापील यादीवर गावात अजूनही भरवसा जास्त. म्हणूनच हे पत्र लिहिणे भाग पडले. यादीतली दोन-तीन नावे डोंगराची नाहीतच. ते एक वेळ चालून गेले असते. पण चौकटीच्या शेवटी जी टीप आहे, की पार्बता, गिरजा, गिरधर असली खेडवळ रूपे टाळून शुद्ध रूपेच ठेवावीत, ती मला मान्य नाही. त्याबद्दल सविस्तर लिहिते. जागा कमी पडली तर सुरुवातीचे कापा, सासूबाईंचे कापू नका.

आधी यादीचे. हिमांशू हे नाव हिमालयाचे नव्हे, चंद्राचे. हिम म्हणजे थंड आणि अंशू म्हणजे किरण. ज्याचे किरण थंड तो हिमांशू. आमच्या गावात एका घरी हे नाव जवळपास पक्के झाले होते, कारण मुलाचे वडील फौजेत आहेत आणि सध्या बर्फात ड्युटी आहे. मी अर्थ सांगितला तर आजीबाई म्हणाल्या, "चंद्र तं चंद्र, तोई वरतच असते." त्यांचे काही अडले नाही. पण छापताना तरी बरोबर छापायला हवे.

शेखरचेही तसेच. शिखर आणि शेखर कानाला जवळचे वाटतात, पण शेखर म्हणजे मस्तकावरचा अलंकार, तुरा. चंद्रशेखर म्हणजे ज्याच्या माथ्यावर चंद्र आहे तो महादेव. चंद्राच्या उंचीचा डोंगर नव्हे. मंदारमध्ये तर गोंधळ जुनाच आहे. समुद्रमंथनात वासुकीची दोरी करून ज्याची रवी केली तो पर्वत मंदर. मंदार हे स्वर्गातल्या पाच झाडांपैकी एक, आणि पृथ्वीवर तेच नाव पांढऱ्या रुईला. म्हणजे मंदार नावाच्या मुलाच्या वाट्याला डोंगर येण्यापेक्षा शनिवारी मारुतीच्या गळ्यात पडणारी रुईची पाने येण्याचा संभव जास्त. लोक दोन्ही एकच समजतात, समजोत. महेंद्रच्या बाबतीत मात्र आपली यादी बरोबर आहे आणि वाचकांनी उगाच हसू नये. महेंद्र म्हणजे इंद्र, हे खरेच. पण जुन्या पुराणांत जे सात कुलपर्वत सांगितले आहेत (महेंद्र, मलय, सह्य, शुक्तिमान, ऋक्ष, विंध्य, पारियात्र) त्यांत महेंद्र पहिला आहे. तो ओडिशाकडचा. या सातांतल्या पहिल्या दोघांची नावे पोरांना सर्रास मिळाली, बाकीच्यांना कुणी विचारले नाही. शुक्तिमान नावाचा मुलगा अंगणवाडीत आला तर मीच त्याला शुक्या म्हणेन.

यादीत नगेंद्र नाही, ते यायला हवे होते. नग म्हणजे डोंगर. "न गच्छति", जो जात नाही तो नग. अग म्हणजेही तेच आणि अचल म्हणजेही तेच. डोंगराला इतकी नावे मिळाली ती तो उंच आहे म्हणून थोडी आणि तो जागचा हलत नाही म्हणून जास्त. नगेंद्र म्हणजे पर्वतांचा राजा, हिमालय. याच नावात एक काना वाढला की नागेंद्र होतो आणि डोंगराचा साप होतो. पटावर नावे उतरवणाऱ्या बाईला हा काना किती महाग पडू शकतो ते मलाच ठाऊक.

आमच्या तालुक्याचे नावच बघा. अचलपूर. इंग्रजांच्या कागदांत ते एलिचपूर झाले, आणि ईल नावाच्या राजाने वसवले म्हणून ईलचपूर, अशीही कथा इथे सांगतात. पण जुन्या ताम्रपटात अचलपूर असेच आहे, आणि उत्तरेला तोंड करून उभे राहिले की अचल कशाला म्हणतात ते कुणाला विचारावे लागत नाही. गाविलगडाची सगळी रांग समोर आडवी. आमच्याकडे सातपुडा कुणी म्हणत नाही. तो शब्द पुस्तकातला. आम्ही पहाड म्हणतो. पहाडावर पाणी पडलं, पहाडातल्या बाया बाजारात आल्या, पहाडाकडून वारा सुटला. सातपुडा म्हणजे सात पुडांचा, सात घड्यांचा, असा अर्थ सांगतात. चिखलदऱ्याला नेणाऱ्या घाटात बस एकेक वळण घेत चढते तेव्हा तो अर्थ पोटात कळतो.

त्या चिखलदऱ्याचीही दोन उत्तरे आहेत. भीमाने कीचकाला मारून दरीत टाकले म्हणून कीचकदरा, त्याचा चिखलदरा झाला, ही कथा सगळ्यांना ठाऊक आहे. भीमकुंड आहे, वैराट आहे, विराट राजाशी सगळे जोडून दिलेले आहे. दुसरे उत्तर कुणी सांगत नाही, कारण ते फार साधे आहे: पावसाळ्यात तिथे जा, चपला हातात घ्या. मी दोन्ही मानते. वैराट हे मेळघाटातले सगळ्यात उंच ठिकाण, सुमारे ११७८ मीटर. विराट म्हणजे प्रचंड, एवढ्यावरही ते नाव खपून गेले असते, पांडवांना इतक्या लांब यायची गरज नव्हती.

आता मुख्य मुद्दा. माझ्या सासूबाईंचे नाव पार्बताबाई. वय ऐंशीच्या पुढे. त्यांच्या आईवडिलांना बरीच वर्षे मूल नव्हते. तेव्हा त्यांनी मोठ्या महादेवाला नवस बोलला. बाहेरच्या वाचकांसाठी सांगते: मोठा महादेव म्हणजे पचमढीचा, सातपुड्यातला, मध्य प्रदेशात. शिवरात्रीला विदर्भातून हजारो माणसे तिथे जातात आणि चौरागडाच्या माथ्यावर त्रिशूल वाहतात. माथ्यावरच्या देवळापुढे त्रिशुलांचे रान उभे आहे. एकेक त्रिशूल म्हणजे एकेका घरचा नवस. श्रावणातल्या नागपंचमीला नागद्वारची वेगळी यात्रा भरते. सासूबाईंचे वडील त्रिशूल खांद्यावर घेऊन पायी गेले, संगे रोडग्यांचे गाठोडे आणि जवसाची चटणी. त्रिशूल वाटेत जमिनीला टेकवायचा नाही म्हणून रात्री तो झाडाच्या फांदीला बांधून झोपत. पुढच्या वर्षी मुलगी झाली. तिचे नाव पार्बता. तिच्या मागून भाऊ झाला, त्याचे महादेव.

यात अपभ्रंश कुठे आहे ते मला कुणी दाखवावे. पार्वती म्हणजे पर्वताची मुलगी. हिमवंताची लेक, म्हणून हैमवती. गिरीपासून जन्मली म्हणून गिरिजा. शैलाची म्हणून शैलजा, शैलपुत्री. (आपलेच वर्तमानपत्र नवरात्रात नऊ साड्यांचे नऊ रंग छापते. पहिली माळ शैलपुत्रीची असते, तिचा अर्थही एकदा त्याच चौकटीत छापायला हरकत नाही.) ही सगळी लेकीची नावे, बापाच्या नावावरून आलेली. पण पार्बताबाई ही लेक नव्हे. ती सरळ पर्वत. पहाडाला नवस बोलला, पहाडाने दिली, पहाडाचेच नाव ठेवले. हा माझा अर्थ नाही, सासूबाईंचा आहे, आणि तो व्याकरणाच्या पुस्तकात सापडेल असा माझा दावा नाही. पण नाव ठेवणाऱ्याने काय मनात धरून ठेवले, हा नावाचा अर्थ नव्हे तर मग कोणता?

आणि 'ब'चे काय घेऊन बसलात? पोळ्याला तोरणाखाली बैल उभे राहतात आणि झडत्या, म्हणजे यमक जुळवून म्हणायची कवने, सुरू होतात. झडती कुणाचीही असो, कास्तकाराची, सावकाराची, सरपंचाची, नाहीतर कपाशीच्या भावाची, ती संपते एकाच ओळीवर: "एक नमन गौरा पारबती, हर बोला हर हर महादेव!" पारबती. वऱ्हाडापासून नागपूरपर्यंत सगळ्या गावांत एका दिवशी एवढ्या गळ्यांतून हे नाव निघते आणि त्यात 'र्व' कुठेच नसतो. ज्या दिवशी कुणी तोरणाखाली उभे राहून "गौरा पार्वती" असे शुद्ध म्हणेल त्या दिवशी बैलसुद्धा दचकतील. भुलाबाईच्या दिवसांत पोरी घरोघर गाणी म्हणत फिरतात. ती भुलाबाई म्हणजे पार्वतीच आणि भुलोजी म्हणजे शंकर, भिल्लांच्या वेषातले. देवीला आमच्याकडे नाव आणि वेष दोन्ही आमचे दिलेले आहेत. तिने तक्रार केल्याचे ऐकिवात नाही.

तक्रार केली ती कागदाने. सासूबाईंच्या आधार कार्डाच्या वेळी शिबिरात बसलेल्या मुलाने नाव विचारले. त्या म्हणाल्या, पार्बता. मुलगा शिकलेला होता. त्याला वाटले, आजीला नीट बोलता येत नाही. त्याने 'पार्वती' लिहिले आणि इंग्रजीतही तसेच. चांगल्या मनाने लिहिले असेल. सातबाऱ्यावर पार्बताबाई, बँकेच्या पुस्तकात पार्बता, आधारावर पार्वती. पुढे अनुदान थेट खात्यात जमा व्हायचे ठरले तेव्हा नावे जुळेनात. एका कार्यालयातून दुसऱ्यात, दुसऱ्यातून परत पहिल्यात. शेवटी एका टेबलावर सांगितले, की पार्वती आणि पार्बता या दोन नावांची बाई एकच आहे असे प्रतिज्ञापत्र आणा. सासूबाईंना मी हे समजावून सांगितले. त्या म्हणाल्या, "मी एकच हाओ हे मलेच लिहून द्या लागते काय? पार्वती तं महादेवाची बायको व्हय. तिच्या नावाचे पैसे मी कायले खाऊ?"

त्या वाक्यावर टेबलामागचे साहेबही हसले, पण प्रतिज्ञापत्र घेतलेच. नियमच तो.

हे आमच्या एकाच घरचे असते तर लिहिले नसते. २०२४ च्या जुलैमध्ये लाडकी बहीण योजनेचे अर्ज भरायचे काम आम्हा सेविकांकडे आले. तेव्हा एकेका अंगणात बसून बायांची कागदपत्रे जुळवली. घरात हाक मारतात गिरजा, शाळेच्या दाखल्यावर गिरिजा, आधारावर गिरीजा, आणि इंग्रजीत तर जी-आय-आर पुढे लिहिणाऱ्याच्या मनाला येईल ते. पर्वता, पार्बता, पारबता, पार्वता: एकाच बाईच्या चार कागदांवर चार. खरे सांगायचे तर गिरिजा हे रूप बरोबर, रि ऱ्हस्व. आणि गिरीश मात्र दीर्घ, कारण तिथे गिरि आणि ईश यांचा संधी झाला आहे. शाळेच्या दाखल्यांवर हे उलटेसुलटे झालेले मी डोळ्यांनी बघितले आहे. शुद्ध करायला बसणाऱ्यांनाच शुद्ध येत नसेल तर बाईच्या तोंडचे नाव का मोडायचे? (जाता जाता: हिंदीतल्या गिरजाघराचा आणि आमच्या गिरजेचा काही संबंध नाही. तो पोर्तुगीजांचा शब्द आहे. एका चिमुरडीने हा प्रश्न मला अंगणवाडीत विचारला होता, म्हणून लिहिले.)

आणि नाव जिभेवर झिजते, हा फक्त खेड्याचा दोष म्हणून दाखवू नका. जगातल्या सगळ्यात उंच डोंगराचे उदाहरण घ्या. भारताच्या सर्वेक्षण खात्यात त्याला आधी नुसते पंधरावे शिखर म्हणत. त्याची उंची ज्या आकडेमोडीतून निघाली त्या कामात राधानाथ सिकदार यांचे नाव घेतात. नाव मात्र मिळाले आधीचे सर्व्हेअर जनरल जॉर्ज एव्हरेस्ट यांचे, १८६५ मध्ये. डोंगराला तिबेटी लोक चोमोलुंग्मा म्हणतच होते. खुद्द एव्हरेस्टसाहेबांनी हरकत घेतली होती, की हे नाव हिंदीत लिहिता येणार नाही आणि इथल्या लोकांना उच्चारता येणार नाही. गंमत अशी, की ते स्वतः आपले आडनाव 'ईव्हरेस्ट' असे उच्चारत. आज सगळे जग, इंग्लंडसुद्धा, ते नाव मूळ माणसापेक्षा वेगळे उच्चारते. त्याला कुणी अपभ्रंश म्हणत नाही, की दोन्ही एव्हरेस्ट एकच असल्याचे प्रतिज्ञापत्र मागत नाही.

माणसावरून डोंगराला नाव, ही तऱ्हा इंग्रजांची. आपल्याकडे उलटे, डोंगर आधी, माणूस नंतर. विली अनसोल्ड नावाच्या अमेरिकन गिर्यारोहकाला मात्र आपल्या नंदादेवी शिखराने इतके वेड लावले, की त्याने मुलीचे नाव नंदादेवी ठेवले. ती मुलगी मोठी झाली, बापाबरोबर त्याच शिखरावर चढायला आली आणि १९७६ मध्ये तिथेच वारली. बावीस वर्षांची होती. आमच्या बायांना हे सांगितले तर त्या बराच वेळ गप्प बसल्या आणि मग एकीने विचारले, "आईनं जाऊ कसं देलं?"

आपल्या चौकटीत आडनावांचा विषयच नव्हता, आणि खरी डोंगराची नावे विदर्भात आडनावांतच जास्त आहेत. डोंगरे, डोंगरदिवे, पहाडे, टेकाडे, घाटे, घाटोळे. घाट या शब्दाला तर इकडे मोठा इतिहास आहे. जुन्या वऱ्हाडाचे भागच दोन: पाईनघाट म्हणजे घाटाखालचा आणि बालाघाट म्हणजे घाटावरचा. बुलढाणा जिल्ह्यात आजही सोयरीक जुळवताना आधी विचारतात, पोरगी घाटावरची की घाटाखालची? चिखली-मेहकर वर, शेगाव-मलकापूर खाली. जपानात यामामोतो म्हणून आडनाव आहे, त्याचा अर्थ डोंगराचा पायथा. त्यांचा यामामोतो आणि आमचा घाटाखालचा जावई, दोघे एकाच पत्त्याचे.

बरडे हे आडनावही त्यातलेच. बरड म्हणजे दगडगोट्यांची, हलकी, चढाची जमीन. तुरीला एक वेळ चालेल, कपाशी रडतच येईल. बर्डी म्हणजे लहान टेकडी. नागपूरची सीताबर्डी ही बर्डीच. इंग्रज आणि भोसल्यांची १८१७ ची लढाई त्याच टेकडीवर झाली. आता तिथे इतकी दुकाने आहेत की लोक बर्डीवर जातात ते साड्या घ्यायला, आणि आपण चढलो हे कुणाच्या लक्षात येत नाही. मोर्शीकडच्या सालबर्डीला मात्र अजून चढावे लागते. ज्यांना पचमढी झेपत नाही ती माणसे शिवरात्रीला सालबर्डीच्या महादेवाला जातात.

सगळ्यात मोठे डोंगरी आडनाव मात्र रामटेके. नागपूर, भंडारा, गडचिरोली, कुठेही हाजरी घ्या, एक तरी रामटेके निघतोच. टेक म्हणजे टेकडी, आणि टेक म्हणजे प्रतिज्ञाही. रामाने राक्षसांचा नाश करण्याची टेक घेतली ती हीच जागा, असे सांगतात. कालिदासाच्या मेघदूतातला यक्ष ज्या रामगिरीवर राहत होता तो रामगिरी म्हणजे हेच रामटेक, असे वा. वि. मिराशींसारख्या विद्वानांनी मांडले. तेव्हा ज्या यादीत अद्रिजा आणि मेरू आहेत त्या यादीत एखादा रामटेके बसला तर यादीचीच शोभा वाढेल. गावोगावच्या गोसाव्यांचे 'गिरी' हे आडनावही असेच. दशनामी संन्याशांची दहा नावे, त्यांत गिरी, पर्वत आणि सागर ही तिन्ही ज्योतिर्मठाकडची. मठ हिमालयात, आणि ते नाव लावणारा माणूस आमच्या गावात म्हशी राखतो. त्याला मी हे सांगितले तेव्हा तो म्हणाला, "म्हून मले गरमी सहन नाई होत."

पण प्रत्येक ट वरून टेकडी काढू नये. एका प्रशिक्षणात माझी गडचिरोलीकडच्या एका सेविकेशी ओळख झाली, आडनाव टेकाम. मी लगेच म्हटले, टेकडीवरून असेल. तिने मान हलवली. गोंडीत टेका म्हणजे सागवान. टेकाम सागाचे, मरकाम आंब्याचे. ती म्हणाली, तुम्ही मराठी लोक आमच्या झाडांनापण डोंगर करता. हे तिचे वाक्य आपल्या चौकट लिहिणाऱ्यांनीही लक्षात ठेवावे, कारण कुठल्याही नावाला ओढून-ताणून संस्कृत अर्थ चिकटवायची खोड हल्ली फार वाढली आहे.

पुरुषांची नावे राहिली. कैलास आमच्याकडे इतके, की गावात त्यांना वडिलांच्या नावाने नाहीतर धंद्याच्या नावाने ओळखतात: चक्कीवाला कैलास, डीपीवाला कैलास. गोवर्धन आणि गिरधर हे एकाच गोष्टीचे दोन भाग. एक डोंगर, दुसरा तो उचलणारा. दिवाळीच्या पाडव्याला अंगणात शेणाचा गोवर्धन घालतात. ज्या लेकराने तो पर्वत स्वतः शेणाने थापला आहे त्याला गोवर्धनचा अर्थ सांगायला पुरवणी लागत नाही. व्यंकटेश, व्यंकट, व्यंकटी यांत डोंगर आहे हे मात्र पुष्कळांना ठाऊक नसते. वेंकट हे तिरुपतीच्या डोंगराचे नाव. तिथला ईश तो वेंकटेश. देऊळगाव राजाच्या बालाजीला जाणाऱ्यांच्या घरी एखादा व्यंकटी असतोच, आणि तो आपल्या नावात तिरुमलाचा डोंगर घेऊन फिरतो.

माझे स्वतःचे नाव शैला. शिला म्हणजे दगड, त्यापासून शैल म्हणजे डोंगर. माझ्या वयाच्या बायांत शैला, शैलजा पुष्कळ, आता मात्र एकही येत नाही. अद्रिजा आल्या, शिवन्या आल्या. येऊ द्या. अद्रिजा म्हणजेही गिरिजाच, अद्रि म्हणजे डोंगर. पणजी गिरजा आणि पणती अद्रिजा, म्हणजे तीन पिढ्या फिरून घर पुन्हा त्याच नावावर आले. माझे भांडण नव्या नावांशी नाही. जुन्या नावाला चूक म्हणण्याशी आहे.

म्हणून दोन मागण्या. पहिली आपल्या पुरवणीकडे: पुढच्या वेळी अशी यादी छापाल तेव्हा पार्बता, गिरजा, गिरधर, व्यंकटी ही नावे टीपेत घालून झटकू नका, यादीतच घाला, अर्थासह. दुसरी, जिथे जिथे नाव लिहून घेतात त्या सगळ्या टेबलांकडे: माणूस सांगेल ते लिहा आणि लिहिलेले वाचून दाखवा. ज्याला लिहिता येत नाही त्याला ऐकता येते. आईबापांनीही घाई करू नये. जन्माची नोंद वेळेत करावी, पण नाव ठरले नसेल तर ते बारा महिन्यांपर्यंत फी न भरता आणि नंतर पंधरा वर्षांपर्यंत फी भरून त्या नोंदीत घालता येते. घाईत कुणीतरी सुचवलेले घालून नंतर प्रतिज्ञापत्रांच्या मागे फिरण्यापेक्षा घरात नीट विचार करा, आणि जी हाक मारणार तेच नाव लिहा.

एक चौकशीही आहे. सासूबाईंच्या धाकट्या बहिणीचे नाव धुपा होते. ती लहानपणीच गेली. सासूबाई म्हणतात, देवापुढच्या धुपावरून. माझे यजमान म्हणतात, पचमढीजवळ धूपगड आहे, सातपुड्यातला सगळ्यात उंच, त्यावरून. कारण बाकीच्या दोन भावंडांची नावे तिकडचीच आहेत. घरात यावर दर शिवरात्रीला वाद होतो. आपल्या वाचकांपैकी कुणाच्या घरी, विशेषतः वरूड, मोर्शी, चांदूर बाजार या भागात, धुपा नावाची आजी किंवा आत्या असेल आणि ते नाव कशावरून ठेवले हे घरात कुणी सांगत असेल, तर त्यांनी आपल्या वर्तमानपत्रातूनच कळवावे.

आपली,
शैला
अंगणवाडी सेविका, ता. अचलपूर, जि. अमरावती